खनिज तेलाचा कालनिर्णय



१९७४ सालच्या फेब्रुवारी महिन्यात, मुंबईच्या पश्चिमेस सुमारे १६० किलोमीटरवर भर समुद्रात, ‘सागर सम्राट’ या खोदनौकेने घेतलेल्या विहिरीत तेल लागले आणि ‘मुंबई हाय’ हे नाव घरोघर पोहोचले. त्या तेलाचे वय किती, असा प्रश्न कोणी केला तर उत्तर प्रथमदर्शनी सोपे वाटते: ज्या चुनखडीत ते सापडले त्या चुनखडीचे जे वय, तेच तेलाचे. ती मुख्य चुनखडी मायोसीन युगातील, म्हणजे ढोबळमानाने दोन कोटी वर्षांपूर्वीची आहे. परंतु तेल हे जन्मस्थानी वस्ती करून राहणारे द्रव्य नव्हे. सेंद्रिय द्रव्याने समृद्ध अशा बारीक गाळाच्या शेलमध्ये, खोल पुरल्यानंतरच्या उष्णतेने ते उत्पन्न होते, वरच्या थरांच्या दाबाखाली तेथून पिळले जाते, सच्छिद्र खडकांच्या वाटेने वर सरकत जाते आणि जेथे एखादा अभेद्य थर त्याची वाट अडवतो तेथे साठून राहते. मुंबई हायच्या तेलाचे जनक मानले जाणारे शेल हे पन्ना शैलसमूहातील, पॅलिओसीन व आरंभीच्या इओसीन युगातले, म्हणजे पाच-सहा कोटी वर्षांपूर्वीचे आहेत. साठ्याच्या खडकाहून तीन-चार कोटी वर्षांनी वडील. भाडेकरूचे वय घरावरून ठरत नाही, तसे तेलाचे वय साठ्याच्या खडकावरून ठरत नाही. मग ते ठरवावे कशावरून, हा आजच्या व्याख्यानाचा विषय आहे.

आपल्या सह्याद्रीच्या बेसाल्टचे वय सुमारे ६.६ कोटी वर्षे आहे, हे आपण निःशंकपणे सांगू शकतो, कारण लाव्हा थिजला त्या क्षणापासून त्यातील किरणोत्सर्गी पोटॅशियमचे आर्गॉनमध्ये रूपांतर ठराविक गतीने चालू आहे आणि दोहोंचे प्रमाण मोजले की काळ हाती येतो. गाळाच्या खडकाची गोष्ट निराळी. वालुकाश्मातील कण हा कुठल्या तरी जुन्या पर्वताचा झिजून आलेला तुकडा असतो. त्याचे घड्याळ त्या पर्वताच्या जन्मापासून चालू असते, आणि तो नदीमुखाशी कधी येऊन पडला याची नोंद त्याच्यात नसते. तेलात तर स्फटिकच नाहीत. त्यातील रेनियम व ऑस्मियम या धातूंच्या सूक्ष्म अंशांवरून काळ काढण्याची एक पद्धत अलीकडे सिद्ध झाली आहे, आणि तिचे महत्त्व मी कमी लेखत नाही. पण जे आकडे हाती येतात ते जनक गाळाच्या जन्माचे की तेलाच्या उत्पत्तीचे, हा वाद प्रत्येक वेळी उरतोच. म्हणून भूरसायनशास्त्रज्ञांनी जी दुसरी वाट धरली, ती प्रत्यक्ष वर्षे मोजण्याची नव्हे, तर तेल ज्यांच्यापासून झाले त्या जीवांची ओळख पटवण्याची आहे; आणि त्या ओळखीतून निघणारा काळ हा एक आकडा नसून वरून व खालून घातलेली मर्यादा असते, ही गोष्ट आरंभीच मनाशी बांधून ठेवावी, अशी माझी विनंती आहे.

या शास्त्राची मुहूर्तमेढ म्युनिकमध्ये रोवली गेली. रक्तातील हीमच्या घडणीच्या संशोधनासाठी १९३० साली नोबेल पारितोषिक मिळालेल्या हान्स फिशर यांच्या परंपरेत वाढलेल्या आल्फ्रेड ट्राइब्स या रसायनज्ञाने १९३४ नंतरच्या दोन-तीन वर्षांत निरनिराळ्या देशांतील तेले, शेल व कोळसे तपासले आणि त्यांत पॉर्फिरिन वर्गाचे रंगीत रेणू दाखवून दिले. वनस्पतींच्या हरितद्रव्याच्या मध्यभागी मॅग्नेशियमचा अणू असतो. या रेणूंत त्याच्या जागी व्हॅनेडियम येऊन बसले होते, बाजूच्या साखळ्या गळाल्या होत्या, पण चार वलयांचा मूळ सांगाडा जशाचा तसा होता. त्यापूर्वी मेंदेलेयेव्हसारख्या थोर शास्त्रज्ञाने, पृथ्वीच्या पोटातील धातूंच्या कार्बाइडांवर पाण्याची क्रिया होऊन तेल होते, असे १८७७ साली प्रतिपादिले होते. ट्राइब्सच्या शोधानंतर तेलाचे जैविक कुळ नाकारणे अवघड झाले. एवढेच नव्हे, असे नाजूक रेणू टिकले त्या अर्थी तेलाने फार मोठी उष्णता सोसलेली नाही, हेही त्यानेच ताडले. तेलाचे मूळ आणि त्याचा उष्णतेचा इतिहास हे दोन्ही प्रश्न एकाच रेणूला विचारता येतात, ही दृष्टी ट्राइब्सची आहे, आणि ती मला त्या शोधाइतकीच मोलाची वाटते.

जीव मेल्यावर त्याची प्रथिने, शर्करा व केंद्रकाम्ले लवकर नाहीशी होतात. टिकून राहतात ते पेशीपटलांतील मेदसदृश रेणू, आणि तेही ऑक्सिजन गमावून, हायड्रोजन मिळवून, केवळ कार्बनचा सांगाडा शिल्लक ठेवून. कोलेस्टेरॉल व त्याची भावंडे अशा रीतीने २७, २८ किंवा २९ कार्बनांची स्टेरेन होऊन राहतात. ती बहुधा केंद्रकयुक्त पेशींची, म्हणजे शैवाले, वनस्पती व प्राणी यांची ठेव असते. जिवाणूंच्या पेशीपटलांतून ३५ कार्बनांपर्यंतची होपेन येतात. होपेनांच्या बाबतीत एक विलक्षण गोष्ट घडली: स्ट्रासबर्ग येथे ऊरिसाँ आणि अल्ब्रेख्त यांच्या मंडळीला दीर्घ साखळीची होपेने गाळाच्या खडकांत आधी सापडली, आणि ती ज्यांची असावीत त्या जिवाणूंतला मूळ पदार्थ नंतर ओळखला गेला, म्हणजे जीवाश्म अगोदर आणि जीव मागाहून. तेलाच्या थेंबात असे शेकडो प्रकारचे रेणू असतात, कित्येक दशलक्षांश प्रमाणात. गॅस क्रोमॅटोग्राफ त्यांना एकेक करून वेगळे करतो आणि मास स्पेक्ट्रोमीटर त्यांचे तुकडे तोलून ओळख सांगतो.

आता कालनिर्णय. पेशव्यांच्या दप्तरातील बिनमितीचा कागद हाती आला, तर इतिहाससंशोधक त्यातील माणसे, पदे आणि नाणी पाहून तो अमुक सालानंतरचा असे ठरवतात. रेणूंवरून काळ ठरतो तो याच न्यायाने. ओलिअनेन नावाचा ३० कार्बनांचा रेणू सपुष्प वनस्पतींच्या संयुगांपासून होतो. मोल्डोवन व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९४ साली निरनिराळ्या युगांतील खडकांचे नमुने तपासून दाखवले, की त्याचे प्रमाण क्रिटेशसच्या पुढे, सपुष्प वनस्पतींच्या प्रसाराबरोबर वाढत जाते. ज्या तेलात ओलिअनेन भरपूर असेल ते ज्युरासिक खडकातले नव्हे, असे म्हणण्याचा अधिकार त्यामुळे प्राप्त होतो. पण ‘भरपूर’ हा शब्द येथे महत्त्वाचा आहे, कारण अत्यल्प अंशाने हा रेणू त्याहून जुन्या खडकांतही आढळला आहे. उलट ओलिअनेन नाही म्हणून तेल जुने, असे म्हणता येत नाही; सागराच्या अशा एखाद्या कोपऱ्यात गाळ साचला असेल की जेथे जमिनीवरचा पालापाचोळा पोहोचलाच नाही, किंवा पोहोचला तरी खाऱ्या पाण्याचा संबंध न आल्याने मूळ संयुगाचे रूपांतर निराळ्या दिशेने गेले असेल. अस्तित्वाचा पुरावा आणि अभावाचा पुरावा यांचे वजन सारखे नाही, हे या शास्त्रातले पहिले कलम होय, आणि बहुतेक चुका त्याच्याच उल्लंघनातून झाल्या आहेत. डायनोफ्लॅजेलेट नामक सागरी सूक्ष्मजीवांचे डायनोस्टेरेन ट्रायासिकपासून पुढे विपुल होते; करंडक वनस्पतींच्या, म्हणजे डायाटमांच्या, एका शाखेची खास शाखायुक्त हायड्रोकार्बने सुमारे ९.१ कोटी वर्षांपूर्वीपासून मिळतात. ही सारी ‘यानंतरचे’ सांगणारी चिन्हे आहेत.

अशाच आणखी एका चिन्हाचे, राळेचे, उदाहरण आपल्या शेजारचे आहे. सुरत जिल्ह्यातील वस्तानच्या लिग्नाइट खाणीत इओसीनच्या आरंभीचा, सुमारे ५ ते ५.२ कोटी वर्षांपूर्वीचा अंबर निघतो. त्यात कीटक जसेच्या तसे अडकलेले आहेत, आणि त्याची रासायनिक घडण शालवृक्षाच्या कुळातील राळेशी जुळते. ज्या राळेचा धूप आपण देवापुढे जाळतो, तिच्याच कुळातील वृक्ष त्या काळी तेथील दलदलीत उभे होते. या कुळाच्या राळेतील बहुवारिक तुटून बायकॅडिनेन नावाची संयुगे होतात, आणि आग्नेय आशियातील अनेक तेलांत ती इतकी असतात की त्या तेलांचे वय व त्यांची अरण्ये दोन्ही एकाच आलेखात वाचता येतात.

मात्र ज्या प्रकरणाने मला स्वतःला या विषयाकडे ओढले ते याहून कितीतरी जुन्या काळाचे आहे. पश्चिम राजस्थानच्या बिकानेर-नागौर खोऱ्यात १९९१ साली बाघेवाला येथील पहिल्या विहिरीत जड, दाट तेल लागले. साठ्याचा खडक जोधपूर वालुकाश्म, कँब्रियनच्या उंबरठ्यावरचा. पण आपण पाहिलेच की घरावरून भाडेकरूचे वय काढता येत नाही, आणि तरुण थरांतले तेल एखाद्या भ्रंशाच्या वाटेने जुन्या वालुकाश्मात शिरलेले असणे अगदी शक्य होते. पीटर्स व त्यांच्या भारतीय सहकाऱ्यांनी १९९५ साली जो निबंध प्रसिद्ध केला, तो मी आदर्श तपासणीचा नमुना मानतो. ओलिअनेन नाही, पण तेवढ्यावर त्यांनी विसंबून राहायचे नाकारले. २९ कार्बनांची स्टेरेने प्रबळ. आणि एरवी हेच लक्षण स्थलवनस्पतींचे म्हणून वाचले जाते, तेव्हा येथे उतावळा परीक्षक हमखास फसला असता. परंतु उच्च वनस्पतींची इतर कोणतीही खूण नव्हती, म्हणजे हे स्टेरेन हिरव्या शैवालांचे होते, आणि असेच प्राबल्य ओमानच्या हुक्फ शैलसमूहाच्या व पूर्व सैबेरियाच्या अतिप्राचीन तेलांत ठाऊक होते. शेवटी २४-आयसोप्रोपिलकोलेस्टेन नावाचा ३० कार्बनांचा दुर्मिळ रेणू आपल्या जुळ्या भावंडाच्या मानाने चढ्या प्रमाणात मिळाला. हे प्रमाण कँब्रियनपूर्व काळाच्या अखेरीस व कँब्रियनच्या आरंभी, म्हणजे सुमारे ५४ कोटी वर्षांपूर्वीच्या सीमेच्या आजूबाजूला शिगेला पोहोचते. निष्कर्ष असा, की बाघेवालाचे तेल तेथलेच, त्याच प्राचीन काळातील चुन्याच्या गाळात जन्मलेले. गोंडवन या प्राचीन महाखंडाच्या काठावर ओमान आणि राजस्थान त्या काळी एकमेकांच्या निकट होते, या भूगोलाशीही ते जुळते.

२४-आयसोप्रोपिलकोलेस्टेन हा रेणू कोणाचा, याची हकीकत पुढे गुंतागुंतीची झाली. आजच्या सृष्टीत त्याची मूळ संयुगे प्रामुख्याने स्पंजांत मिळतात, म्हणून २००९ साली ओमानच्या ६३.५ कोटी वर्षांहून जुन्या थरांत तो सापडला तेव्हा प्राण्यांचा तो सर्वांत जुना पुरावा ठरला. नंतर काहींनी तो एकपेशीय ऱ्हायझेरियन जीवांतही असल्याचे दाखवले, आणि २०२१ साली असे प्रतिपादन झाले की शैवालांच्या स्टेरॉलवर खडकात होणाऱ्या भूरासायनिक क्रियेनेही तो बनू शकतो. वाद मिटलेला नाही, पण त्यामुळे बाघेवालाचा कालनिर्णय डळमळत नाही, हे लक्षात घेतले पाहिजे. कारण कागदावरचा शिक्का कोणाचा हे निश्चित ठाऊक नसले, तरी तो कोणत्या काळच्या कागदांवर दिसतो हे शेकडो कागदांवरून कळलेले असले, तर काळ ठरतोच. रेणूचे धनित्व आणि रेणूची मुदत ही दोन स्वतंत्र प्रकरणे आहेत.

चूक होते तेव्हा ती किती मोठी होऊ शकते, याची साक्ष पश्चिम ऑस्ट्रेलियाच्या पिल्बारा भागात मिळते. तेथील २७० कोटी वर्षांच्या शेलमध्ये स्टेरेन सापडल्याचे १९९९ साली जाहीर झाले आणि केंद्रकयुक्त जीवांचा इतिहास एकदम शंभर कोटी वर्षांनी मागे गेला. परंतु त्या खडकांनी इतकी उष्णता सोसली होती की असे रेणू तेथे टिकावेत कसे, ही शंका राहिली. जीव जो रेणू घडवतो तो एकाच त्रिमितीय ठेवणीचा असतो. उष्णतेने त्याची आरशातल्या प्रतिमेसारखी दुसरी ठेवण तयार होत जाते, होपेनांत या नव्या ठेवणीचे प्रमाण ०.६ च्या सुमारास स्थिर होते, आणि त्यापुढे तापत राहिल्यास सांगाडाच मोडतो. २००८ साली ज्यांनी शंकेला ठोस रूप दिले त्यांत मूळ शोधाचे प्रमुख योखेन ब्रॉक्स स्वतः होते. आपल्याच कीर्तीच्या मुळावर येणारा पुरावा त्यांनी स्वतः पुढे ठेवला, याबद्दल माझ्या मनात निस्सीम आदर आहे. तेलाचा स्पर्श होऊ न देता, अत्यंत काटेकोर स्वच्छतेने नव्याने काढलेल्या गाभ्यांत ते रेणू सापडत नाहीत, हे २०१५ साली निर्विवाद झाले. सापडले होते ते बाहेरून लागलेल्या तरुण तेलाचे अंश.

याच ब्रॉक्स यांच्या गटाचे २०२३ सालचे संशोधन त्याहून मला अधिक विचारप्रवर्तक वाटते. सुमारे ८० कोटी वर्षांच्या अलीकडील खडकांत स्टेरेन विपुल, पलीकडील खडकांत जवळजवळ नाहीच. म्हणून त्या दीर्घ काळात केंद्रकयुक्त जीव नगण्य होते, असे बरेच जण मानत. कोलेस्टेरॉलच्या घडणीचा उलगडा केल्याबद्दल १९६४ साली नोबेल मिळालेले कोनराड ब्लॉख यांनी मात्र असे म्हटले होते, की आज जे घडणीतले अधले टप्पे आहेत ते एके काळी जीवांचे अंतिम पदार्थ असावेत. उत्तर ऑस्ट्रेलियातील बार्नी क्रीकच्या १६४ कोटी वर्षांच्या खडकांत त्या अधल्या टप्प्यांचेच जीवाश्म, आदिस्टेरॉइडे, विपुल निघाली. ती तेथे आधीही होती. आलेखात ती कोठे दिसावीत हे ठाऊक नसल्याने कोणी पाहिली नव्हती. अभावाचा पुरावा म्हणून जे मांडले गेले होते ते पाहणाऱ्याच्या यादीतील उणेपण होते.

आपल्या विंध्य खोऱ्यातील खालचे थर जवळजवळ याच वयाचे, सुमारे १६० कोटी वर्षांचे आहेत. १९९८ साली त्यांत प्राण्यांच्या खुणा मिळाल्याचा दावा झाला तेव्हा त्या थरांचे वयच वादात सापडले होते, आणि २००२ साली ज्वालामुखी राखेतील झिरकॉनवरून ते निश्चित झाले. त्यातील काळ्या शेलांकडे आदिस्टेरॉइडांची यादी हाती घेऊन जायचे असेल, तर आधी त्या शेलांनी सोसलेल्या उष्णतेचे मोजमाप झाले पाहिजे, आणि गाभे जुन्या पेट्यांतून न घेता नव्याने, तेलाचा लवलेश लागू न देता, काढले पाहिजेत.