दुखावलेल्या पुरुषाची गोष्ट

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

श्रोतेहो, मराठी कादंबरीतल्या बाईवर आपल्याकडे पुष्कळ बोललं गेलं आहे. तिचं शिक्षण, तिचं दुःख, तिचं बंड यांवर प्रबंध झाले, चर्चासत्रं झाली. मला आज बोलायचं आहे ते कादंबरीतल्या पुरुषाविषयी. बाप, नवरा, भाऊ, साहेब अशा नात्यांनी तो पानोपानी भेटतो. पण पुरुष असणं त्याला किती जड जातं आणि त्याचा भार तो कुणावर टाकतो, हे आपण क्वचितच विचारतो. १९३०नंतरच्या दशकात मराठीतल्या दोन पुस्तकांनी हे विचारलं. गंमत अशी की, त्या दोन पुस्तकांचे लेखक १९३८ साली एकमेकांचे नवरा-बायको झाले.

पहिलं पुस्तक १९३३चं, 'कळ्यांचे निःश्वास'. लेखिका विभावरी शिरूरकर. हे टोपणनाव होतं. खरं नाव बाळूताई खरे, लग्नानंतरच्या मालती बेडेकर. शिकलेल्या, नोकरी करणाऱ्या, लग्न न झालेल्या मुलींच्या या कथा. पुस्तक आलं आणि गदारोळ उठला. ही विभावरी कोण, याचा शोध सुरू झाला. तो राग कशाचा होता? मुली प्रेमाचा विचार करतात, याचा होताच. पण त्याहून मोठी बोच वेगळी होती. या कथांमध्ये पुरुषांकडे बाईच्या डोळ्यांनी पाहिलेलं होतं. 'बाबांचा संसार माझा कसा होणार?' या कथेचं नावच बघा. घरात पैसे आणणारी थोरली मुलगी, आणि तिच्या पगारावर चालणारं वडिलांचं घर. मुलीच्या कमाईवर घर चालतं, तरी घराचा धनी बापच. ज्याला आपण कर्तेपणा म्हणतो, त्यातला पोकळपणा त्या एका प्रश्नात उघडा पडतो. पुढच्याच वर्षी, १९३४मध्ये, त्यांची 'हिंदोळ्यावर' ही कादंबरी आली. तिची नायिका अचला ही नवऱ्यापासून दुरावलेली बाई. तिच्या आयुष्यात दुसरा पुरुष येतो. त्या काळी आपल्याकडच्या हिंदू बाईला घटस्फोटाचा कायदा नव्हता. मुंबई प्रांतात तो १९४७मध्ये आला आणि देशभरासाठी १९५५मध्ये. म्हणजे नवऱ्यानं टाकलं तरी बाई त्याचीच, आणि त्यानं मात्र दुसरी केली तरी चालत असे.

दुसरं पुस्तक विश्राम बेडेकरांचं 'रणांगण', १९३९चं. अमरावतीत जन्मलेला हा लेखक सिनेमाचं तंत्र शिकायला इंग्लंडला गेला होता आणि युद्धाच्या तोंडावर बोटीनं परतला. कादंबरी घडते तीही युरोपातून मुंबईकडे येणाऱ्या बोटीवर. बोटीवर जर्मनीतून परागंदा झालेले ज्यू आहेत. त्या काळी शांघायला जायला व्हिसा लागत नसे, म्हणून १९३८-३९मध्ये हजारो ज्यू कुटुंबं पूर्वेकडे निघाली होती. त्यांच्यापैकीच एक हेर्टा. आणि आपला नायक चक्रधर विध्वंस. आडनाव ऐकूनच माणूस दचकतो.

त्या काळी घरोघरी वाचले जात ते फडके आणि खांडेकर. फडक्यांचा नायक देखणा नि चतुर, खांडेकरांचा ध्येयवादी नि त्यागी. त्यांच्या हेतूबद्दल वाचकाला सहसा शंका येत नसे. चक्रधरबद्दल मात्र शंका पहिल्यापासून येते. उमा नावाच्या मुलीवरच्या प्रेमात तो पोळलेला आहे. त्या एका घावापायी तो सगळ्या स्त्रीजातीवर रुसून बसला आहे. कोरडेपणालाच तो शहाणपण समजतो. आता फसायचं नाही, गुंतायचं नाही, बाईकडून मिळेल ते घ्यायचं आणि पुढे जायचं, असा त्याचा हिशेब. हेर्टाचा देश गेला आहे, घर गेलं आहे, पहिलं प्रेम गेलं आहे. तिच्यावरचे घाव त्याच्याहून किती मोठे! तरी ती मन उघडं ठेवते, आणि तो कवच घालून बसतो. ते कवच हळूहळू गळायला लागतं, तोवर मुंबई येते. तो उतरतो. तिला उतरायची परवानगी नाही. बोट पुढे जाते. मागून तिची पत्रं येतात आणि अखेर तिनं समुद्रात जीव दिल्याची बातमी.

कायदा आड होता, सरकार आड होतं, हे खरंच. एकटा माणूस काय करणार, असंही म्हणता येईल. पण पुस्तक मिटल्यावर मला दरवेळी वाटतं की, उमानं दिलेल्या दुःखाची किंमत हेर्टानं मोजली. जिनं काही केलं नव्हतं तिनं. बेडेकरांचा मोठेपणा असा की, ते चक्रधरला खलनायक करत नाहीत आणि त्याची वकिलीही करत नाहीत. बोलायला त्यालाच लावतात. त्याच्याच तोंडून त्याचं कोरडेपण ऐकताना ते खरं तर भित्रेपण आहे, हे आपल्याला कळत जातं.

याच सुमाराला तिकडे युरोपातही हे चाललं होतं. व्हर्जिनिया वुल्फ यांच्या १९२५च्या 'मिसेस डॅलोवे' या कादंबरीत सेप्टिमस नावाचा सैनिक आहे. महायुद्धात त्याचा जिवलग अधिकारी मारला गेला, तेव्हा आपल्याला फारसं काही वाटलं नाही याचा त्याला अभिमान वाटला होता. मर्दानं असंच असावं, ही शिकवण. पुढे आपल्याला काहीच वाटत नाही, या भीतीनंच तो वेडापिसा होतो आणि खिडकीतून उडी टाकतो. डॉक्टर त्याला विश्रांतीचे आणि संयमाचे धडे देत असतात. वुल्फ आणि बेडेकर एकच गोष्ट सांगतात: दुःख गिळायला शिकवलेला पुरुष ते पचवत नाही. ते एक तर त्याला संपवतं, नाहीतर त्याच्या जवळच्या बाईला.

आता तुम्ही म्हणाल, बोटीवरच्या आणि लंडनच्या या गोष्टी आम्हाला कशाला? मी राहतो हिंगोली जिल्ह्यात, कळमनुरी तालुक्यातल्या डोंगरकड्याला. आमचा भाग हळदीचा. गावात एक कडवट विनोद चालतो: हळद पिकवणाऱ्या पोरांना हळद लागेना. तिशी उलटलेली, धट्टीकट्टी, कष्टाळू पोरं. चार-पाच एकर रान आहे, बैठका होतात, आणि निरोप येतो की मुलीला नोकरीवाला पाहिजे. एकदा नाही, दहादा येतो. हा अपमान खरा आहे. तो हसण्यावारी नेऊ नये. पण ही पोरं त्याविषयी बोलतात कुठे? घरात बोललं तर आई रडते. मित्रांत बोललं तर चेष्टा होते. 'बायकावानी काय रडतो' हे वाक्य तर आमच्याकडे मुलगा चालायला लागल्यापासून ऐकतो. मग उरतो तो राग. पारावर बसून 'आजकालच्या पोरी लई शेफारल्या' म्हणायचं आणि मोबाइलवर तसलीच गाणी ऐकायची. हा चक्रधरच की!

या रागाचा हिशेबही एकदा मांडला पाहिजे. १९९१च्या जनगणनेत महाराष्ट्रात सहा वर्षांखालच्या हजार मुलग्यांमागे ९४६ मुली होत्या. २००१मध्ये त्या ९१३ झाल्या आणि २०११मध्ये ८९४. गर्भलिंगनिदानाविरुद्धचा कायदा १९९४मध्येच झाला होता, तरीही. म्हणजे मुलगी नको म्हणणाऱ्या घरांचीच मुलं आज मुलगी मिळत नाही म्हणून रागावली आहेत. आणि राग निघतो तो जन्माला आलेल्या मुलीवर, जिनं यातलं काही केलेलं नाही. शिवाय ती नकार देते तेव्हा शेतीला देते, शेतातल्या त्या राबणुकीला देते, जी तिनं आईच्या पाठीवर पाहिली आहे. आईचा संसार माझा कसा होणार, असं ती विचारते. नव्वद वर्षांपूर्वी विभावरीबाईंच्या मुलीनं बापाच्या संसाराविषयी विचारलं होतं. प्रश्न एकाच कुळातला आहे.

साहित्य वाचून लग्नं जमत नाहीत, हे मी जाणून आहे. शेतमालाला भाव मिळेल, गावात चार नोकऱ्या येतील, बाईचं नाव सातबाऱ्यावर लागेल, तेव्हा काही फरक पडेल. तोवर एक गोष्ट मात्र कादंबरी करू शकते. ती दुखावलेल्या पुरुषाला बोलायला शब्द देते, आणि त्याच वेळी विचारते की, बाबा रे, तुझा घाव खरा, पण तू तो कुणाच्या अंगावर काढतो आहेस?

म्हणून तरुण श्रोत्यांना, विशेषतः मुलग्यांना, माझं सांगणं आहे. ही दोन पुस्तकं जोडीनं वाचा. ग्रंथालयात नसतील तर ग्रंथपालांकडे मागा. आधी 'कळ्यांचे निःश्वास' वाचा, मग 'रणांगण'. बाईचं म्हणणं आधी ऐकलं की चक्रधरचं म्हणणं वेगळं ऐकू येतं. तो वाईट माणूस नाही. फार उशिरा बोललेला माणूस आहे. आपल्या गावात असे किती आहेत, ते त्यानंतर तुम्हीच मोजा. आणि एखादा पारावर गप्प बसलेला दिसला, तर त्याच्याशेजारी जाऊन बसा.