पहिला चीक वासराचाच



वसुबारसेला पूजा होते ती सवत्स धेनूची, एकट्या गायीची नव्हे. अनेक घरांत त्या दिवशी गायीचे दूधही वर्ज्य असते. वासराचा वाटा आधी, हा विचार त्या व्रतातच आहे. वर्षातून एकदा पाळला जाणारा हा नेम गाय व्याली की मात्र नेमका विसरला जातो. पेण असो वा रोहा, घरात आणि आळीत खरवसाची वाट पाहणे सुरू होते. पहिल्या धारेचा दाट चीक भांड्यात जातो आणि वासराच्या वाट्याला उरलेसुरले येते.

मनुष्याच्या अर्भकाला काही रोगप्रतिकारक द्रव्ये आईच्या उदरातच मिळतात. गायीच्या वारेची रचनाच अशी, की ती वासरापर्यंत पोहोचत नाहीत. वासरू जन्मते ते निःशस्त्र. त्याचे कवच चिकात असते. हे कवच आतड्यातून रक्तात शोषून घेण्याची शक्ती तासागणिक घटते आणि २४ तासांनी जवळपास संपते. म्हणून १५ किलोच्या वासराच्या पोटात पहिल्या दिवशी किमान दीड लिटर चीक गेला पाहिजे, त्यातला निम्मा पहिल्या दोन तासांत. दुसऱ्या दिवशी कितीही पाजले तरी ही उणीव भरून निघत नाही. कोकण कपिला या नावाने अधिकृत नोंद झालेली इथली ठेंगणी गाय दूध बेताचेच देते. तिथे वाटणीचा प्रश्न अधिकच बिकट.

‘वार पडल्यावाचून वासराला पाजू नये’ हा समजही अजून टिकून आहे. जुन्याजाणत्यांचा मान राखूनही तो सोडलाच पाहिजे. वार पडायला आठ-दहा तास लागू शकतात. उलट वासरू आचळाला लागले की गर्भाशय आकुंचन पावते आणि वार पडण्यास साहाय्यच होते.

नाळेकडे तर बहुधा लक्षच जात नाही. पोटापासून दोन बोटांवर उकळलेल्या दोऱ्याने ती बांधावी, स्वच्छ पात्याने कापावी आणि तीन दिवस टिंक्चर आयोडीन लावावे. जून ते सप्टेंबर या काळात इथल्या गोठ्यांची जमीन सुकत नाही. ओल्या शेणात टेकलेल्या नाळेतून जंतू शिरतात, पुढे सांधे सुजतात आणि वासरू उठेनासे होते. भाताचा पेंढा घरचाच आहे. तो कोरडा अंथरून रोज बदलणे एवढेच करायचे.

हगवणीने वासरू दगावते ते बहुतांशी अंगातले पाणी आटून. डोळे खोल गेले, चिमटीत धरलेली कातडी लवकर सरळ होईना, तर पशुवैद्यकांना तातडीने बोलवावे. ते येईपर्यंत उकळून थंड केलेल्या लिटरभर पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ घालून थोडे थोडे पाजावे. दूध तोडू नये. पेणच्या खारेपाटात उन्हाळ्यात गोड्या पाण्याची चणचण असते. तरी वासराचे भांडे धुण्यात काटकसर नको. दहाव्या दिवसानंतर जंताचे औषधही पशुवैद्यकांच्या मापानेच द्यावे.

कालवडीसाठी हे सारे होते, गोऱ्ह्यासाठी क्वचितच. भातखाचरात पॉवर टिलर आला आणि गोऱ्ह्याचा चीक सर्वप्रथम तुटला. कालवड असो वा गोऱ्हा, पहिला दिवस त्याचा आहे. त्याचे पोट भरल्यावर, तिसऱ्या दिवशी उरलेल्या चिकाचा खरवस खुशाल करावा. थोडा पातळ होईल इतकेच.