वावळ आणि त्याचे खत



इंग्रजी बागकामाची पुस्तके चाळणाऱ्या मंडळींना 'एल्म' हा वृक्ष निदान नावाने तरी ठाऊक असतो. त्यास कोणते खत घालावे व किती घालावे, याची कोष्टके त्या पुस्तकांत असतात आणि ती वाचून आपल्याकडील हौशी गृहस्थ दुकानात जाऊन तशीच पिशवी मागतात. परंतु त्याच एल्मच्या कुळातला एक वृक्ष आपल्या दाराशी उभा आहे, याची जाणीव पुष्कळांस नसते. तो म्हणजे आपला वावळ, अथवा वावळा. आयुर्वेदात त्यास चिरबिल्व म्हणतात. आज मी त्याच्या खताविषयी व निगेविषयी बोलणार आहे, आणि बोलताना भोर व वेल्हे या मुलखाचा आधार घेणार आहे. वेल्हे तालुक्यास 'राजगड' हे नाव देण्याचे राज्य मंत्रिमंडळाने २०२४ साली ठरविले. परंतु माझ्या जिभेस जुनेच नाव सरावाचे आहे, तेवढी सवलत श्रोत्यांनी द्यावी.

वावळ ओळखणे मुळीच कठीण नाही. खोड करड्या रंगाचे. पान चुरगाळले तर उग्र दर्प. माघाच्या सुमारास पाने झडून वृक्ष उघडा पडतो आणि मग फांदीफांदीवर पापडीसारखी चपटी, गोल फळे घोसांनी लटकू लागतात. चैत्र-वैशाखाच्या वाऱ्यावर ती गिरक्या घेत दूरवर जातात. पापडी सोलून आतले बी तोंडात टाकले नाही, असा खेड्यातला मुलगा विरळाच.

आता खताकडे वळू. खताच्या पिशवीवर तीन आकडे छापलेले असतात. उदाहरणार्थ, १०:२६:२६. त्याचा अर्थ शंभर किलोत दहा किलो नत्र, सव्वीस किलो स्फुरद व सव्वीस किलो पालाश. युरियात केवळ नत्रच, तेही शेकडा ४६. हे आकडे भाताच्या वा उसाच्या शेतकऱ्याने अवश्य वाचावेत. पण वेल्ह्याच्या पश्चिमेकडील डोंगरउतार डोळ्यांसमोर आणा. माती तांबडी आणि पातळ, पाऊस मुसळधार. तेथे झाडाच्या बुंध्याशी ओंजळभर युरिया टाकला, तर त्यातील पुष्कळसे नत्र पाण्याबरोबर ओढ्याला आणि तेथून गुंजवणीला मिळणार. स्फुरद टाकावे, तर तांबड्या मातीतील लोह त्यास असे धरून ठेवते की मुळांच्या हाती थोडेच लागते. शिवाय नत्राच्या अतिरेकाने कोवळी, लुसलुशीत वाढ होते आणि किडीस आयतेच आमंत्रण मिळते.

मग डोंगरातली झाडे जगतात कशावर? याचे उत्तर देवराईत मिळते. डॉ. वा. द. वर्तक व डॉ. माधव गाडगीळ यांनी सह्याद्रीतील देवरायांचा जो अभ्यास केला, त्यामुळे शहरातील सुशिक्षितांचे लक्ष प्रथम इकडे वळले. देवराईत कोणी खत घालीत नाही. मात्र तेथला पाचोळाही कोणी उचलीत नाही. पान पडते, कुजते, त्याचे काळेभोर खतमाती-मिश्रण होते आणि ते पुन्हा मुळांस मिळते. पाय ठेवला तर जमीन गादीसारखी दबते.

देवराईबाहेर मात्र निराळा व्यवहार चालत आला. भाताची रोपे करावयाची तर वाफा भाजला पाहिजे. याला राब म्हणतात. हिवाळ्यात झाडांच्या फांद्या छाटावयाच्या, त्या वाळवावयाच्या, शेणाचा थर, त्यावर काटक्या, पालापाचोळा, गवत आणि वर माती पसरून उन्हाळ्यात पेटवून द्यावयाचे. वर्षानुवर्षे असे छाटलेले वृक्ष डोंगरउतारावर खांबासारखे उभे दिसतात. हे पाहून शहरातला मनुष्य शेतकऱ्यास अडाणी म्हणून मोकळा होतो. मला हे मान्य नाही. राबाने तणाचे बी जळते, माती भुसभुशीत होते, राखेतून पालाश मिळते आणि जूनच्या पहिल्या पावसात रोप तरारून वर येते. आषाढाच्या तोंडाशी ज्याला लावणीची घाई, त्याला याहून खात्रीचा मार्ग पूर्वी कोणी दाखविला होता? मात्र हिशेब पुरा मांडावा. पाल्यातले बहुतेक नत्र धुराबरोबर आकाशात जाते, आणि झाडाच्या पायाशी पडावयाचा पाला शेताच्या वाफ्यात जळतो. एकाचे खत दुसऱ्यास, तेही अर्धेमुर्धे.

आज दुसरी वाट उपलब्ध आहे. डॉ. नारायण सावंत यांच्या 'चारसूत्री' भातशेतीत रोपवाटिकेत भाताच्या तुसाची राख मिसळतात आणि शेतात गिरिपुष्पाचा पाला चिखलात गाडतात. गिरिपुष्प बांधावर सहज वाढते, छाटले तरी पुन्हा फुटते. ज्या बांधावर ते आहे, त्या शेतकऱ्यास वावळाच्या वा ऐनाच्या फांदीवर कोयता चालविण्याचे कारण कमी होते. वृक्षसंवर्धनाची व्याख्याने देण्यापेक्षा बांधोबांध गिरिपुष्पाच्या काठ्या रोवणे अधिक उपयोगाचे, असे माझे स्पष्ट मत आहे.

शहरातील श्रोत्यांचे काय? आपल्या आवारात वावळ असेल, तर उन्हाळ्याच्या आरंभी पाचोळा व पापड्या यांचा खच पडतो आणि रखवालदार तो गोळा करून काडी लावतो. ते प्रथम थांबवावे. पाचोळा खड्ड्यात घालून, थोडे शेण व माती मिसळून, ओलावा राखून, अधूनमधून चाळवावा. सर आल्बर्ट हॉवर्ड आणि यशवंत वाड यांनी इंदूर येथे हीच रीत शास्त्रशुद्ध बसवून १९३१ साली ग्रंथरूपाने मांडली. तयार झालेले खत बुंध्याला लावू नये. अन्न शोषणारी बारीक मुळे बुंध्यापासून दूर, फांद्यांच्या घेराखाली, वरच्या हात-दीड हात मातीत असतात. तेथे पावसाळ्याच्या तोंडावर पसरावे व वर चार बोटे पाचोळा अंथरावा. बुंध्याभोवती सिमेंटचा पार बांधणे हा तर वृक्षाचा गळा आवळण्याचा प्रकार होय.

नवे झाड लावावयाचे असल्यास पापड्या वैशाखातच वेचाव्यात, कारण हे बी फार काळ टिकत नाही. ताजे बी पिशवीत पेरावे, एक वर्ष सांभाळावे आणि पुढील पावसात दोन फूट खोल खड्ड्यात शेणखत मिसळून रोप लावावे. पहिली दोन-तीन वर्षे उन्हाळ्यात पाणी द्यावे आणि भोवती काटेरी कुंपण करावे. शेळीला पानाचा दर्प कितीसा अडवील, यावर विसंबू नये.