नेमबाजाचे काडतूस

विजेच्या दोन खांबांमध्ये साधारण जेवढे अंतर असते, तेवढ्या अंतरावर कोणी सदऱ्याचे एक बटण टांगले आहे असे समजा. ते बटण तुम्हाला दिसेल का? दिसले तरी साठ वेळा नेम धरून साठ वेळा त्यालाच गोळी लावता येईल का? ऑलिंपिकमध्ये 50 मीटर रायफलची जी स्पर्धा असते, तिच्यात नेमबाजाकडून जवळजवळ हीच अपेक्षा असते. लक्ष्याच्या अगदी मध्यावर दहा गुणांचे जे वर्तुळ असते, त्याचा व्यास फक्त 10.4 मिलिमीटर. आधी गुडघ्यावर बसून, मग पालथे पडून आणि शेवटी उभे राहून, प्रत्येकी वीस गोळ्या झाडायच्या.

कोल्हापूर जिल्ह्यातल्या राधानगरी तालुक्यात कांबळवाडी नावाचे लहानसे गाव आहे. तिथल्या एका शिक्षकाचे चिरंजीव स्वप्निल कुसाळे यांनी 1 ऑगस्ट 2024 रोजी पॅरिस ऑलिंपिकमध्ये याच स्पर्धेत कांस्यपदक मिळवले. प्राथमिक फेरीत त्यांचे 600 पैकी 590 गुण होते. त्याआधी 2010 साली कोल्हापूरच्याच तेजस्विनी सावंत यांनी म्युनिक येथे, पडून मारण्याच्या प्रकारात, जगज्जेतेपद मिळवले होते. अशा वेळी आपण त्यांच्या नजरेचे, हाताचे आणि धीराचे कौतुक करतो. ते योग्यच आहे. पण या सगळ्याबरोबर आणखी एक गोष्ट लागते, आणि ती वर्तमानपत्रांतल्या छायाचित्रांत कधी येत नाही. ती म्हणजे काडतूस. आज मी त्याच्याविषयी बोलणार आहे.

आता तुम्ही म्हणाल, पदार्थविज्ञान शिकवणाऱ्या मास्तरांना काडतुसांची उठाठेव कशाला? तर त्याला कारण आहे, आणि ते सांगताना मला थोडा संकोच वाटतो.

आमच्या महाविद्यालयात राष्ट्रीय छात्रसेनेचे पथक आहे. काही वर्षांपूर्वी स्पर्धेसाठी संघ निवडायचा होता, म्हणून आम्ही मुलांना सरावाच्या मैदानावर नेले होते. त्यांच्यात तलासरीकडच्या एका पाड्यावरून येणारी एक मुलगी होती. बोलणे कमी, पण नजर पक्की. लष्करी उस्ताद रायफली लावत होते. गोळ्या वाटायचे काम मी हौसेने मागून घेतले. दोन निरनिराळ्या डब्यांत थोडी थोडी काडतुसे उरली होती. दिसायला सगळी सारखी! मी ती एका वाटीत ओतली आणि त्यातून प्रत्येकाला दहा दहा मोजून दिली.

त्या मुलीचा कागद आला. पाच छिद्रे वर, पाच खाली. मधे मोकळी जागा. मी म्हटलं, “अगं, श्वास सांभाळ. हात हलतोय तुझा.” ती एवढंच म्हणाली, “नाही सर, नेम एकच होता.” मी ऐकले नाही. संघात तिचे नाव गेले नाही.

पुढे दोन महिन्यांनी पुन्हा सराव झाला. मुलगी तीच, रायफल तीच, अंतर तेच. या वेळी उस्तादांनी एकच डबा फोडला होता. दहाही छिद्रे एका ठिकाणी जमली, एका बशीत फुले ठेवावीत तशी! तेव्हा मला वाटीची आठवण झाली. घरी जाऊन मी तिचा जुना कागद काढला. वर पाच, खाली पाच. आणि बाजूला मात्र काहीच फाकलेले नव्हते. डाव्या-उजव्या बाजूला न जाता गोळ्या फक्त वरखाली जातात, तेव्हा पहिला संशय वेगाचा घ्यायला हवा. हे मी वर्गात फळ्यावर शिकवतो. मैदानावर मात्र विसरलो. चूक तिच्या हाताची नव्हती, माझ्या वाटीची होती.

याचे गणित अगदी सोपे आहे. स्पर्धेची .22 रायफलची गोळी सेकंदाला सुमारे 330 मीटर वेगाने निघते. आवाजाच्या वेगापेक्षा हा थोडा कमी. तो मुद्दामच कमी ठेवलेला असतो, कारण आवाजाचा वेग ओलांडून पुन्हा त्याच्या खाली येताना गोळीला हिसका बसतो. लक्ष्यावर पोचायला तिला सेकंदाच्या सहाव्या भागाइतका वेळ लागतो. तेवढ्या वेळात ती, झाडावरून सुटलेल्या चिकूसारखीच, जमिनीकडे सुमारे 12 सेंटिमीटर पडते. नेमाचे यंत्र हे पडणे धरूनच लावलेले असते. आता एखादी गोळी सेकंदाला फक्त 10 मीटर हळू निघाली, तर ती सात-आठ मिलिमीटर जास्त खाली जाते. अंतिम फेरीत दहाच्या वर्तुळातही 10.0 पासून 10.9 पर्यंत बारीक भाग असतात. सात-आठ मिलिमीटर म्हणजे त्यातले जवळजवळ सगळे भाग गेले. नेमबाजाने काही चूक केलेली नसते. त्याला ते कळतही नाही.

मग ही चूक होऊ नये म्हणून कारखान्यात काय करतात?

हे लहान काडतूस आज ज्या रूपात आपण पाहतो, ते अमेरिकेत 1887 साली आले. त्याचे भाग चारच. पितळेची नळी, तिच्या कडेत भरलेले पेट घेणारे द्रव्य, चिमूटभर दारू आणि पुढे शिशाची गोळी. मोठ्या काडतुसाला बुडाशी मधोमध वेगळी टोपी बसवलेली असते. याला तशी टोपी नसते. रायफलचा खिळा याच्या कडेवरच आपटतो.

आपल्या डहाणू तालुक्यात चिंचणीच्या बाजूला दागिन्यांच्या डाय करणारे कारागीर आहेत. पत्र्यावर ठसा नीट उठायचा तर डाय किती नेमकी लागते, हे त्यांना सांगावे लागत नाही. काडतुसाची सुरुवातही तशीच होते. पितळेच्या पट्टीतून गोल चकत्या कापतात, दाबून त्यांच्या वाट्या करतात. मग त्या वाट्या डायमधून ओढून ओढून लांब नळ्या करतात. ओढताना पितळ कडक होते, म्हणून मधे मधे तापवून ते मऊ करावे लागते. नळी सगळीकडून सारख्या जाडीची हवी. नंतर बूड दाबून त्याची कड बाहेर काढतात. ही कड आतून पोकळ असते.

या पोकळ कडेत पेट घेणारे द्रव्य ओलसर असतानाच घालतात आणि नळी गरगर फिरवतात, म्हणजे ते कडेत चहूकडे सारखे पसरते. हे या कामातले सर्वांत नाजूक पाऊल. द्रव्य एका बाजूला जास्त आणि दुसऱ्या बाजूला कमी बसले, तर खिळा कुठे आपटतो त्यावर स्फोटाचा जोर बदलेल. मग ते वाळवतात आणि मोजून दारू भरतात. शिशाची तार कापून दाबून गोळ्या करतात. वजन सुमारे 2.6 ग्रॅम. बुडाला ओरखडा नको, पोटात पोकळी नको. गोळीला मेणासारखा स्निग्ध लेप देतात, कारण नळीतून जाताना शिसे घासले जाऊ नये. शेवटी गोळी नळीच्या तोंडात बसवून काठ किंचित आवळतात. तो प्रत्येक काडतुसात सारख्याच जोराने आवळायचा. सैल आवळला तर गोळी लवकर सुटते, घट्ट आवळला तर उशिरा.

श्रोते हो, हे मी समजावे म्हणून सांगितले, करून पाहावे म्हणून नव्हे. हे द्रव्य घर्षणानेसुद्धा पेटते. हे काम खास इमारतींत, आडोशामागे आणि कडक शिस्तीत चालते. आपल्याकडे 1959 च्या शस्त्र कायद्याखाली काडतुसे परवान्याशिवाय जवळ बाळगणेही गुन्हा आहे.

आता खरी गंमत पुढेच आहे. एवढी काळजी घेऊनही सगळी काडतुसे सारखी होत नाहीत! घोलवडच्या बागायतदाराला विचारा. एकाच वाडीतले, एकाच झाडाचे चिकू. पण पेटीत भरताना तो निवड करतोच. काडतुसांचेही तसेच आहे. एका बैठकीत, एकाच मालातून, एकाच यंत्रावर जेवढी निघतात, त्यांचा एक लॉट धरतात. चकल्यांचा जसा एक घाणा, तसा हा. प्रत्येक घाण्यातली काही काडतुसे घट्ट बांधलेल्या नळीतून झाडून पाहतात. छिद्रे किती जवळ पडली आणि वेग किती सारखा राहिला, हे मोजतात. उत्तम ठरलेला घाणा वरच्या किमतीच्या डब्यात जातो, बरा ठरलेला सरावाच्या डब्यात. काही कारखान्यांत तर महाग डबा आणि स्वस्त डबा एकाच यंत्रावरून निघतात. फरक असतो तो पारखण्याचा. म्हणूनच डब्यावर लॉटचा क्रमांक छापलेला असतो. तो क्रमांक म्हणजे काडतुसाचे कूळ समजा. माझ्या वाटीत दोन कुळे मिसळली होती.

इथेही काम संपत नाही. एका रायफलला जो घाणा मानवतो, तो शेजारच्या रायफलला मानवेलच असे नाही. दोन रायफली जुळ्या दिसल्या तरी नळीच्या आतला बारीकसारीक फरक राहतोच. म्हणून मोठे नेमबाज आपली रायफल घेऊन कारखान्याच्या चाचणीघरात जातात. तिथे रायफल चौकटीत पक्की बांधतात, म्हणजे माणसाचा हात मधे येत नाही, आणि एकामागून एक लॉट झाडून पाहतात. ज्या लॉटची छिद्रे सर्वांत जवळ पडतील, त्याचे हजारो नग एकदम विकत घेतात, कारण तो घाणा संपला की पुन्हा तसाच मिळेल याची खात्री नसते.

ही चाचणीघरे कुठे आहेत? इंग्लंड, जर्मनी अशा देशांत. आपल्या महाराष्ट्रात खडकीचा दारूगोळा कारखाना 1869 पासून आहे, जळगाव जिल्ह्यातल्या वरणगावचा 1964 पासून. सैन्यासाठी काडतुसे करण्याचा अनुभव आपल्यापाशी भरपूर आहे. पण ऑलिंपिकच्या फेरीत आपले नेमबाज जे काडतूस भरतात, ते अजून परदेशाहूनच येते. सैन्याच्या काडतुसाने चिखलात, थंडीत, उन्हात हमखास उडायला हवे. स्पर्धेच्या काडतुसाने शेजारच्या काडतुसासारखेच उडायला हवे. हे दोन निराळे गुण आहेत, आणि दुसऱ्यासाठी पारखण्याची सवय लागते. आपल्या खेड्यातल्या मुलांच्या वाट्याला हे महागडे काडतूस मोजूनमापून येते, हे विसरता कामा नये.

त्या मुलीची मी क्षमा मागितली. नंतर एका रविवारी तिच्या पाड्यावर गेलो. तिचे वडील अंगणात तीर तासत बसले होते. तीरकामठ्याची ओळख असणारी माणसे आता पाड्यावर थोडीच राहिली आहेत. ते एकेक काडी तळहातावर फिरवून पाहत होते. काही डाव्या हाताला ठेवत, काही उजव्या. मी विचारलं, “दादा, चांगले कुठले नि वाईट कुठले?”

ते हसले. म्हणाले, “सर, वाईट कुठला नाय. हे एकसारखे जातात, ते एकसारखे जातात. मिसळले का नेम चुकतो.”

मला परदेशातले चाचणीघर आठवले. तिथे यंत्रे आहेत, संगणक आहेत, काटेकोर मोजमापे आहेत. पण तिथल्या माणसाने यापेक्षा वेगळे काय सांगितले असते? अचूकपणा म्हणजे एखादे अद्भुत काडतूस नव्हे. अचूकपणा म्हणजे एकसारखेपणा. आणि एकसारखेपणा नुसता करून होत नाही, तो पारखून, वेगळा काढून, नावनिशी लिहून ठेवावा लागतो.

शिक्षकबंधूंनो आणि भगिनींनो, जाता जाता तुम्हाला एकच विनंती करतो. तुमच्या शाळेत एखादे मूल गोळाफेकीत, तिरंदाजीत, किंवा प्रयोगशाळेतल्या साध्या तराजूवर चुकले, तर “तुझा हात हलतो” असे म्हणण्याआधी त्याच्या हातात आपण काय दिले आहे ते एकदा तपासा. कागद जपून ठेवा आणि पुन्हा पाहा. चूक पसरली आहे की एकाच दिशेने गेली आहे, ते पाहा. कागद बहुधा खरे सांगतो.

ती मुलगी पुढच्या वर्षी संघात होती. तिचे आधीचे एक वर्ष मात्र मला परत देता आले नाही. तेव्हापासून आमच्या मैदानावर एक नियम आहे: डबा नवा असो की जुना, क्रमांक वहीत लिहिल्याशिवाय काडतूस कुणाच्या हाती द्यायचे नाही. ती वही मी स्वतः लिहितो.