न्यायालय, विधिमंडळ आणि रस्ता



पर्यावरणाचा खटला जिंकला की पर्यावरण वाचले, असा एक समज आपल्या सुशिक्षित वर्गात दृढ झालेला आहे. हा समज किती अपुरा आहे, हे ऑस्ट्रेलियातील न्यू साउथ वेल्स या राज्याच्या विधान परिषदेतील सदस्या सू हिगिन्सन यांच्या वाटचालीवरून ध्यानात येते. प्रथम जंगल वाचविणाऱ्या आंदोलनात, मग वकिलीत आणि शेवटी विधिमंडळात, असा त्यांचा प्रवास झाला. ही केवळ एका कर्तबगार स्त्रीच्या उत्कर्षाची कथा नव्हे. न्यायालयात मिळविलेला न्याय राज्यकर्ते कसा हिरावून घेतात आणि तो टिकविण्यासाठी काय करावे लागते, याचा तो धडा आहे.

या राज्यातील पर्यावरणाच्या लढ्याचे एक मूळ कामगार चळवळीत आहे, हे प्रथम लक्षात घेतले पाहिजे. १९७१ साली सिडनीतील केलीज बुश ही रानवट जागा वाचविण्यासाठी तेथील गृहिणी पुढे आल्या, तेव्हा त्यांच्या पाठीशी उभी राहिली ती बांधकाम मजुरांची संघटना. जॅक मंडी यांच्या नेतृत्वाखालील या संघटनेने तेथे काम करण्यास नकार दिला. अशा बहिष्कारांना पुढे 'ग्रीन बॅन' हे नाव मिळाले आणि काही वर्षांत त्यांची संख्या चाळीसच्या वर गेली. १९७९ साली राज्याच्या उत्तरेस टेरानिया क्रीक येथे वृक्षतोडीच्या यंत्रांपुढे माणसे उभी राहिली. त्याच वर्षी राज्याने नवा नियोजन कायदा केला आणि त्याच्या भंगाविरुद्ध दाद मागण्याचा अधिकार कोणाही व्यक्तीस दिला. १९८० पासून खास भूमी व पर्यावरण न्यायालय सुरू झाले. कायद्याची ही दारे राज्यकर्त्यांच्या औदार्याने उघडली नाहीत. त्यामागे लोकांचा रेटा होता.

हिगिन्सन यांची जडणघडण याच उत्तर भागातली. जंगलांसाठी लढत असतानाच कायद्याचे महत्त्व त्यांना पटले. लिझमोर येथील सदर्न क्रॉस विद्यापीठात त्यांनी कायद्याचे शिक्षण घेतले, आणि १९८५ साली स्थापन झालेल्या 'एन्व्हायर्न्मेंटल डिफेंडर्स ऑफिस' या संस्थेत त्या वकिली करू लागल्या. गावकऱ्यांच्या वतीने बलाढ्य कंपन्यांविरुद्ध उभे राहणे हेच या संस्थेचे काम. पुढे त्या तिच्या मुख्य कार्यकारी अधिकारी झाल्या.

या संस्थेने चालविलेला बल्गा गावाचा खटला कार्यकर्त्यांनी मुळातून समजून घ्यावा असा आहे. हंटर खोऱ्यातील हे काहीशे वस्तीचे गाव. शेजारी वॉर्कवर्थ ही उघडी कोळसा खाण, तेव्हा रिओ टिंटो समूहाच्या मालकीची. खाण आणि गाव यांमधील डोंगरधार अबाधित ठेवण्याचे वचन २००३ साली करारात दिले गेले होते. तरीही २०१२ साली याच बाजूने खाण वाढविण्यास मंजुरी मिळाली. गावकरी न्यायालयात गेले. १५ एप्रिल २०१३ रोजी मुख्य न्यायाधीश ब्रायन प्रेस्टन यांनी ती मंजुरी रद्द केली. आवाज, धूळ, नष्ट होणारी वनसंपदा आणि गावाच्या सामाजिक जीवनाची हानी यांच्यापुढे कंपनीने मांडलेले आर्थिक लाभ त्यांना पुरेसे वाटले नाहीत.

मग काय झाले? कंपनीबरोबर राज्य सरकारही अपिलात गेले, आणि अपिलाचा निकाल लागण्यापूर्वीच, २०१३च्या नोव्हेंबरात, सरकारने नियमच बदलला. खाणीस मंजुरी देताना खनिजाचे आर्थिक महत्त्व हाच प्रधान विचार राहील, असे ठरविण्यात आले. पुढच्या महिन्यात केंद्र सरकारने अशा विधिसेवा संस्थांचे अनुदान थांबविण्याचे जाहीर केले. एप्रिल २०१४ मध्ये अपील न्यायालयानेही गावाच्याच बाजूने कौल दिला. लोकटीकेमुळे २०१५ साली तो नियम मागे घ्यावा लागला. परंतु त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात खाणवाढीस नव्याने मंजुरी मिळाली. गाव दोन्ही न्यायालयांत जिंकले आणि तरीही हरले.

हा अपवाद नव्हता. ८ फेब्रुवारी २०१९ रोजी प्रेस्टन यांनीच ग्लॉस्टर येथील रॉकी हिल कोळसा खाण नाकारली, आणि नकाराच्या कारणांत कोळसा जाळल्याने होणाऱ्या हवामानबदलाचाही समावेश केला. त्याच वर्षी सरकारने विधेयक आणले. परदेशी जाळल्या जाणाऱ्या कोळशाचे उत्सर्जन मंजुरीच्या अटींच्या कक्षेबाहेर ठेवावे, हा त्याचा हेतू. ते मंजूर झाले नाही. परंतु निकालानंतर सरकारचे लक्ष कोठे जाते, ते उघड झाले.

वकिलाने निवडणुकीच्या रिंगणात का उतरावे, याचे उत्तर येथे मिळते. २०१९ साली हिगिन्सन यांनी ग्रीन्स पक्षातर्फे लिझमोरमधून विधानसभा लढविली. त्या हरल्या, मजूर पक्ष विजयी झाला. २०२२च्या मे महिन्यात डेव्हिड शूब्रिज यांच्या रिक्त जागेवर त्या विधान परिषदेत आल्या. त्याआधी २८ फेब्रुवारीस लिझमोरमध्ये नदीचे पाणी १४.४ मीटरपर्यंत चढले होते. १९५४चा उच्चांक दोन मीटरहून अधिक फरकाने मोडला गेला होता. पुराची चिखलमाती अजून निघत असतानाच, एप्रिलच्या आरंभी, विधिमंडळाने कायदा केला, तो आंदोलकांविरुद्ध. मोठे रस्ते, पूल वा बंदरे अडविणाऱ्यास दोन वर्षांपर्यंत कैद आणि २२ हजार डॉलरपर्यंत दंड! कामगारांचे नाव लावणाऱ्या मजूर पक्षानेही त्यास पाठिंबा दिला. ज्या मार्गाने टेरानिया क्रीकचे जंगल वाचले, तोच मार्ग गुन्हा ठरला. निदर्शने करणाऱ्या दोन स्त्रियांनी या कायद्यास आव्हान दिले, आणि डिसेंबर २०२३ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने त्याचा काही भाग घटनाबाह्य ठरविला. आंदोलनाच्या हक्काचा हा प्रश्न हिगिन्सन यांनी सभागृहात सातत्याने लावून धरला आहे.

मात्र सभागृहातील आसनाची शक्तीही अतिशयोक्तीने सांगू नये. ४२ सदस्यांच्या परिषदेत २०२३च्या निवडणुकीनंतर ग्रीन्सचे सदस्य होते केवळ चार. सप्टेंबर २०२५ मध्ये मजूर सरकारने सुमारे १ लाख ७६ हजार हेक्टरांच्या कोआला अभयारण्याच्या नियोजित क्षेत्रात वृक्षतोड थांबविली, ती वर्षानुवर्षांच्या लोकचळवळीमुळे. सभागृहातील आवाजाने तिला बळ दिले, एवढेच. शिवाय लाकूड गिरण्यांतील आणि खाणींतील कामगार उद्या काय खाणार, या प्रश्नाचे उत्तर जे पर्यावरणवादी देत नाहीत, ते कामगाराला कंपनीच्या दावणीला बांधतात. ग्रीन बॅनचा वारसा सांगायचा, तर मजूर आणि गावकरी यांना एका बाजूस आणले पाहिजे.

हा धडा आपल्याला परका नाही. भारताच्या विधी आयोगाने २००३ साली पर्यावरण न्यायालयांची शिफारस करताना न्यू साउथ वेल्सच्या याच न्यायालयाचा अभ्यास केला होता. पुढे २०१० साली राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाचा कायदा झाला. त्याचे एक पीठ पुण्यात आहे. मंजुरीविरुद्ध अपिलाची मुदत तीस दिवसांची, आणि पुरेसे कारण दाखविल्यास आणखी साठ दिवसांची. मंजुरीची वार्ताच ज्या गावात नव्वद दिवसांनी पोचते, तेथे उत्तम वकीलही हतबल होतो.

म्हणून वकिलाची वाट पाहत बसू नये. जनसुनावणीची सूचना निघताच ती गावाला वाचून दाखविणे, हरकती लेखी नोंदविणे, निकालाची तारीख टिपून ठेवणे ही कामे कार्यकर्त्याची आहेत. न्यायालय एक अन्याय थांबविते. विधिमंडळ नियम घडविते किंवा मोडते. आणि या दोहोंना जागे ठेवते ती रस्त्यावर उभी राहिलेली जनता. यातील एकही आघाडी ओस पडली, तर दुसरीकडे मिळविलेला विजय बल्गासारखाच हातातून जाईल.