शस्त्रक्रियागृहातील हवेचा ओलावा

अक्कलकोट तालुक्याचा उन्हाळा कोरडा. म्हणूनच येथे कूलर गारवा देतो. रुग्णालयास तो देणगी म्हणून अवश्य द्यावा, परंतु शस्त्रक्रियागृहात बसवू नये. त्याच्या ओल्या गवतात व साचलेल्या पाण्यात जंतू वाढतात आणि तोच वारा उघड्या जखमेवर येतो. तेथे फिल्टरयुक्त वातानुकूलनच हवे. सापेक्ष आर्द्रता २० ते ६० टक्के असावी. पूर्वी ईथरची भूल देत, तेव्हा कोरड्या हवेत स्थिर विजेच्या ठिणगीने स्फोटाचे भय असे. ईथर मागे पडले, तरी स्पिरिटची वाफ व प्राणवायू आहेतच. उलट पावसाळ्यात ओल चढली, की निर्जंतुक कपड्यांच्या गठड्या दमटून निरुपयोगी ठरतात. देणगीदारांनी आधी आर्द्रतामापक द्यावा. परिचारिकेने रोज सकाळी त्याची नोंद वहीत करावी.