चौकटीबाहेरचा माणूस



ग्रंथालयाच्या शताब्दीत मी दूरचित्रवाणीच्या वृत्तनिर्मात्यावर बोलावे, याचे काहींना नवल वाटेल. परंतु कोणते पुस्तक घ्यावे आणि कोणते घेऊ नये हे ठरवणारा ग्रंथपाल जसा वाचकाच्या ध्यानी नसतो, तसाच हा माणूस.

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. त्याच्या बातम्या म्हटल्या की प्रदीप भिडे, भक्ती बर्वे, अनंत भावे, स्मिता पाटील हे चेहरे आठवतात. स्मिता पाटील जीन्सवरच साडी नेसून बातम्या वाचायला बसत, ही आठवण अनेकांनी सांगितली आहे. चौकटीत तेवढेच दिसे. आणि चौकट ठरवणारा चौकटीबाहेर असे.

त्याचे काम तरी काय? मराठी निवेदक मिनिटाला शंभर-सव्वाशे शब्द वाचतो. दहा मिनिटांचे बातमीपत्र म्हणजे जेमतेम हजार ते साडेबाराशे शब्द. वर्तमानपत्राचे एक पानही त्यात मावत नाही. तेव्हा पहिली बातमी कोणती, कोणती वीस सेकंदांत संपवायची, कोणती मुळीच घ्यायची नाही, हा निवाडा निर्मात्याला रोज घड्याळाकडे पाहत करावा लागतो. त्या काळी बातमीचे चित्रण सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर होई. ती धुवायची, वाळवायची, कापून जोडायची, आणि मग दाखवायची. फिल्म वेळेत आली नाही तर निवेदक वाचत असतानाच क्रम बदलावा लागे. प्रेक्षकाला त्याचा पत्ता लागू नये, यातच सारे कौशल्य!

थोडे विषयांतर करतो. आपल्या राणी पार्वतीदेवी महाविद्यालयात मराठी शिकवून गेलेले पु. ल. देशपांडे दिल्लीत १९५९ साली सुरू झालेल्या दूरचित्रवाणीच्या आरंभीच्या निर्मात्यांपैकी. ते वृत्तनिर्माते नव्हेत. पण पंडित नेहरूंची दूरचित्रवाणीसाठी मुलाखत त्यांनी घेतली. बेळगावकर त्यांच्या विनोदाचे दाखले भरभरून देतात, त्यांच्यातल्या निर्मात्याची मात्र कोणी आठवण काढत नाही.

या पेशाची खरी परीक्षा आणीबाणीत झाली. दूरदर्शन सरकारी खात्याच्या अखत्यारीत होते. प्रसारमाध्यमांच्या त्या काळातील गैरवापरावर १९७७ साली केंद्र सरकारलाच श्वेतपत्रिका काढावी लागली. निवेदकाच्या तोंडी आलेले शब्द लोकांनी ऐकले. टेबलावरच राहून गेलेले कागद कोणी वाचले नाहीत. माझ्या मते निर्मात्याचे मोठेपण किंवा खुजेपण त्या कागदांवरून मोजावे.

सीमाभागाला हे वेगळे सांगायला नको. २००७ साली ‘झी २४ तास’ आणि ‘स्टार माझा’ आल्यावर मराठी बातम्यांना दिवसाचे चोवीस तास मिळाले. वेळेची टंचाई संपली. निवड मात्र संपली नाही. १ नोव्हेंबरच्या काळ्या दिनी लाठी चालली तर बेळगाव पडद्यावर ठळकपणे येते. मूक फेरी शांतपणे पार पडली तर क्षणभर. खासबागेतले माग बंद पडले, तर त्या विणकराच्या वाट्याला किती सेकंद येतात? मुंबईतल्या त्या खोलीत बसलेल्या निर्मात्याला खासबाग नकाशावर दाखवता आली पाहिजे. आपल्या महाविद्यालयांतून वृत्तपत्रविद्येकडे वळणारी मुले सारी निवेदक व्हायला निघतात. त्यांतल्या दोघातिघांनी तरी त्या खोलीतली खुर्ची मागावी.